हुकुमाचं पुढचं पान

२९ नोव्हेंबर १९५७, शुक्रवार

...तर सडा टाकून झाला होता. कोंबड्या सोडल्या होत्या. विहिरीच्या दोन खेपा झाल्या होत्या, तिसरी राहिली होती, कारण चुलीवर तांदूळ चढवले होते आणि जाळ धरत नव्हता. फाट्या ओल्या होत्या. भाद्रपदात कुणाच्या कोरड्या असतात? अळू आदल्या संध्याकाळीच कापून आणलं होतं. त्या दिवशी ह्यांच्या नावाने पान ठेवायचं होतं. कोर्टाच्या कागदांची पिशवी खुंटीला होती, तिच्यावर धुतलेलं लुगडं. पान ठेवायचं, कावळा शिवला की निघायचं, दोन कोस चालायचं आणि अकराला पनवेलच्या कोर्टात उभं राहायचं, असं मनाशी बांधलं होतं.

एवढ्यात बांधाकडून बाईच्या आवाजात हाक आली, "खांड गेली, खांड."

हे सगळं लिहायचं कारण, माझे वकील आठल्ये यांनी सांगितलं आहे की १० सप्टेंबरच्या सकाळचं जे आठवेल ते लिहून काढा, बारीकसारीकही सोडू नका, वरच्या कोर्टात काय उपयोगी पडेल सांगता येत नाही. म्हणून मैनेच्या शाळेची उरलेली वही काढली. मैना माझी लेक, उरणला दिली आहे. मी स्वतः शाळेत गेलेली नाही. वाण्याच्या पुड्यांचे कागद वाचत वाचत शिकले. हे हसायचे. म्हणायचे, आमच्या घरात मीठ सांडतं आणि कागद जपून ठेवतात. बोलते मी आमच्या आगरी बोलीतच, पण लिहायला बसले की छापल्यासारखं येतं. शिकले तेच छापलेलं.

खांड म्हणजे काय, हे कोर्टालाही सांगावं लागलं होतं, म्हणून इथेही लिहिते. आमची शेतं खाडीच्या पाण्यापेक्षा खाली आहेत. मध्ये मातीचा बांध. उधाणाच्या पाण्याने बांध फुटला की ती खांड. उभ्या भातात खारं पाणी शिरलं की ते पीक तर जातंच, पुढची तीन वर्षंही जमीन भात धरत नाही. म्हणून खांड दोन भरत्यांच्या मध्ये बुजवावी लागते. रात्रीच्या भरतीने फुटली तर दुपारच्या भरतीआधी. घरटी एक माणूस आलंच पाहिजे. प्रत्येकाने आपल्या पहिल्या चिखलाच्या गोळ्यात तिवराची काडी खोचायची. काम संपलं की गणूदादा काड्या मोजतात. गणूदादा म्हणजे बांधाचे म्होरके, सत्तरी ओलांडलेले. ज्या घराची काडी नाही, त्या घराच्या भातलावणीला पुढच्या वर्षी गाव जात नाही. दुसरी शिक्षा नाही, आणि लागतही नाही.

मी तांदूळ उतरवले, पाटी घेतली आणि गेले. खुंटीकडे पाहिलंसुद्धा नाही.

खांड कुठे पडली होती, तर काशीरामच्या चराच्या तोंडाशी. काशीराम ह्यांचा चुलतभाऊ. माझ्या शेताला लागून त्याचं शेत. दोन वर्षांपूर्वी, हे गेले त्याच साली, त्याने निम्म्या शेताचं मिठागर केलं, आणि खाडीचं पाणी आत घ्यायला गावच्या बांधाला चर पाडून फळ्या बसवल्या. त्या चरातून खारं पाणी झिरपून माझं शेत मरत चाललं आहे. चर बुजवून द्यावा, एवढाच माझा दावा आहे. आणि १० सप्टेंबरला त्या दाव्याची तारीख होती.

म्हणजे त्याने पाडलेलं भोक मी कंबरभर चिखलात उभी राहून बुजवत होते. माझ्या शेजारी ओळीत त्याची बायको चंद्रावती होती. ती गोळे माझ्या हातात देत होती, मी पुढे देत होते. मी विचारलं, भाऊजी कुठे? ती बोलली नाही, तिचा घसा पार बसला होता, थंडी बाधली असावी. हनुवटीनेच पनवेलकडे दाखवलं.

काशीराम अकराला कोर्टात हजर होता, धुतलेलं धोतर नेसून. आठल्ये वकील तापाने पडून होते, त्यांची चिठ्ठी गेली होती, ती चालली नाही. वादी गैरहजर, दावा काढून टाकला.

मग आम्ही दावा पुन्हा उभा करायचा अर्ज केला. खांडीची सगळी हकीकत लिहिली, गणूदादांचा अंगठा घेतला. काल त्याचा निकाल झाला. नामंजूर. का, ते कुणी सांगितलं नाही. वकील म्हणाले, नक्कल मिळाली की कळेल.


६ डिसेंबर

नक्कल मिळाली. मी वकिलांच्या ओटीवर बसले होते. त्यांनी चष्मा लावला, कागद पाहिला, आणि लगेच चष्मा काढला. इंग्रजीत होतं. त्यांनी मराठीत सांगितलं, "उभय पक्षांचे ऐकले. पुरेसे कारण नाही. अर्ज नामंजूर."

मी वाट पाहत राहिले. मग मीच विचारलं की पुढचं पान कुठे आहे.

ते म्हणाले, पुढचं पान नाही.

मला वाटलं, त्यांना नीट दिलं नसेल. म्हातारे आहेत, तापातून उठले आहेत. मी कागद घेतला आणि तशीच कोर्टात गेले. नक्कल देणाऱ्या कारकुनाला म्हटलं की एक पान राहिलं तुमच्याकडे. त्याने कागद उलटापालटा केला, शिक्का बघितला.

"बाई, एवढंच आहे."

मी म्हटलं की खांड पडली की नाही, त्यावर काय लिहिलंय? गणूदादांच्या अंगठ्यावर काय लिहिलंय? काड्यांवर?

"हुकूम म्हणजे काय पोथी आहे, अध्यायावर अध्याय लागायला?" तो म्हणाला. मागचे दोघं हसले. त्यांचंही चुकलं नाही. मी खरंच पान शोधायला आले होते.

परत येताना वाटेत एकच विचार चालला होता. माझ्या अर्जाची पानं सात. सात पानं वाचून माणसाला तीन वाक्यं सुचतात, आणि त्यातलं एक 'ऐकले' हे असतं. काय ऐकलं?


७ डिसेंबर

राग उतरत नाही म्हणून लिहिते.

पुरेसे कारण नाही. म्हणजे खांड पडलीच नाही, असं? की पडली, पण मी गेले नव्हते? की गेले, पण जायची गरज नव्हती? की गरज होती, पण कोर्ट त्याहून मोठं? यातलं कुठलंही एक सांगितलं असतं तर मी त्याच्याशी भांडले असते. कुणी भिंतीआडून मारलं तर काय करायचं?

आमचे पंच अडाणी आहेत. तरी गावातल्या हौसाच्या मुलाला सगळ्यांच्या विहिरीवर पंप बसवू दिला नाही तेव्हा गणूदादांनी अर्धा दिवस त्याला का ते सांगितलं. उन्हाळ्यात पाणी किती उतरतं ते विहिरीत काठी बुडवून दाखवलं. पोरगा चिडला, पण त्याला कळलं. पुढच्या वर्षी त्याने स्वतःची वेगळी विहीर खणली.

ह्यांचं असंच झालं होतं. मुंबईच्या त्या मोठ्या हॉस्पिटलात अकरा दिवस होते. पोट फुगत होतं, ताप उतरत नव्हता. मी काही विचारलं की डॉक्टर म्हणायचे, विचारू नका. शेवटी हातात कागद दिला, त्यावर एक ओळ. हृदय बंद पडून. हृदय तर सगळ्यांचंच बंद पडतं. पण ते वेगळं. इथे कोर्टाचं लिहायचं आहे.


१५ डिसेंबर, रविवार

आठल्ये वकिलांकडे गेले होते. वरच्या कोर्टात अपील करायचं आहे, मुदत महिन्याची. ते तीन दिवस मसुदा करताहेत आणि होत नाही, असं त्यांच्या बायकोनेच सांगितलं. कागद फाडून टाकतात म्हणाली.

मी विचारलं, अडलंय कुठे. ते म्हणाले, "गुणाबाई, अपिलात खालच्या कोर्टाची चूक दाखवायची असते. यांनी काही म्हटलेलंच नाही. ज्याने तोंड उघडलं नाही, त्याच्या बोलण्यातली चूक कशी दाखवू?"

मी म्हटलं की तोंड उघडलं नाही, हीच चूक लिहा.

त्यांनी फाडलेले कागद बाजूला सारले. मग म्हणाले, तेच लिहायचंय, पण चाळीस वर्षं असे हुकूम बघून माझंच डोकं बोथट झालंय. जज्जांपुढे ढिगाने कागद असतात, तेही माणूस आहेत, एका ओळीत उरकतात, आणि आम्ही ते खपवून घेतो. कायद्यात फक्त 'पुरेसं कारण' असे शब्द आहेत. पुरेसं म्हणजे किती, ते दर वेळी त्या माणसाच्या गोष्टीकडे बघून ठरवायचं असतं. ठरवलं कसं ते लिहिलंच नाही, तर ठरवलं की नाही हे कोण सांगणार?

हे मी शब्दाला शब्द लिहून घेतलं.

एक गोष्ट त्यांना सांगायची होती, सांगितली नाही. तारखेची. सांगण्यासारखी आहे की नाही, तेच कळत नाही.


११ जानेवारी १९५८

अपील दाखल होऊन तीन आठवडे झाले. भात झोडून झालं. खालच्या अंगाच्या लोंब्या निम्म्या पोकळ निघाल्या. हातात घेतल्या तर भुस्सा. यंदा पावसाआधी चर बुजला नाही तर पुढच्या वर्षी तिथे गवतही येणार नाही. ह्यांनी त्या शेताला काय काय केलं होतं. खाडीची माती काढून गोड्या ओढ्याची टाकली, पाट्यांनी, दोन उन्हाळे.

बांधावर काशीराम भेटला. कर्नाळ्याच्या सुळक्याकडे तोंड करून विडी ओढत उभा होता, जसा काही तो सुळकाही त्याच्याच नावावर आहे.

"वयनी," तो म्हणाला, "बांद त्या दिसी बरा बांधलास गो. माजा पन शेत वाचला."

मी म्हटलं, वाचला ना, मग कोर्टात येऊन सांग तसं.

"कोर्टानी काय ते सांगितला ना? पुरेसा नाय म्हनून." हसला. "आता अजून किती पुरवतेस?"

मी तशीच पुढे चालू लागले. त्याच्या हातात माझ्याविरुद्धचा हुकूम आहे आणि त्यात काहीच लिहिलेलं नाही, म्हणून त्यात वाटेल ते आहे असं तो सांगू शकतो. गावात सांगतोच आहे. कोर्टाने गुणाबाईला खोटी ठरवली, खांडीची कहाणी रचली म्हणाले जज्ज. दोन बायांनी मला तसं विचारलं. मी काय दाखवू त्यांना? तीन वाक्यं?

दुपारी चंद्रावती आली. पदराखालून सुके बोंबील काढून ठेवले. ती अशी मधून मधून येते, फार बोलत नाही. जाताना म्हणाली, "त्यानी कोर्टात लिवून दिलाय, घरातून निगाला तवा खांड पडल्याचा त्याना ठावा नव्हता म्हनून." मी म्हटलं, माहीत आहे मला, वकिलांनी वाचून दाखवलंय. ती थोडा वेळ उंबऱ्यात उभी राहिली. मग गेली. नवऱ्याची बाजू सांगायला आली असेल. तिला तरी दुसरं कोण आहे.


१४ मार्च, शुक्रवार

वरच्या कोर्टाचा हुकूम आला. तीन पानं.

मी वकिलांना म्हटलं की सावकाश वाचा, मला लिहून घ्यायचंय. त्यांनी वाक्य वाचायचं, मराठीत सांगायचं, मी लिहायचं, असं चाललं. मधे त्यांच्या बायकोने चहा आणून ठेवला, तो गार झाला. मुख्य भाग इथे उतरवते.

'खालच्या कोर्टाला खांड पडली हेच पटले नाही, की ते पटूनही कारण पुरेसे वाटले नाही, हे हुकुमावरून समजत नाही. अर्जदाराने साक्षीदार दिला होता. त्याच्यावर विश्वास ठेवला की नाही, याबद्दल एक शब्द नाही. हरलेल्या पक्षाला आपण का हरलो हे कळण्याचा हक्क आहे, आणि या कोर्टालाही ते कळल्याशिवाय हुकूम बरोबर की चूक हे सांगता येत नाही. सबब हुकूम रद्द. अर्ज पुन्हा ऐकावा आणि कारणे देऊन दोन महिन्यांत निकाल करावा.'

मी विचारलं, म्हणजे आपण जिंकलो?

ते म्हणाले, नाही. तेच जज्ज पुन्हा ऐकतील आणि पुन्हा नामंजूरही करतील. फक्त या वेळी का ते लिहावं लागेल.

मी म्हटलं, एवढं पुरे.

घरी येऊन तो उतारा मोठ्याने वाचला. ऐकायला कोंबड्याच होत्या. मग ह्यांच्या फोटोसमोर वाचला. फोटो मैनेच्या लग्नातला आहे, त्यात हे दुसरीकडेच बघताहेत.


१७ एप्रिल, गुरुवार

आज सुनावणी झाली. आजच लिहिते, नाहीतर उद्या मनात फिरवून मी बदलीन.

मी आजवर जज्जांकडे नीट पाहिलं नव्हतं. तरुण आहेत. शर्टाच्या बाहीला शाई. डाव्या हाताला कागदांची चळत, हनुवटीपर्यंत.

आधी गणूदादांची साक्ष झाली. काशीरामच्या वकिलांनी त्यांना विचारलं की तुम्हाला लिहिता-वाचता येत नाही, मग कोण आलं कोण नाही ते कशावरून सांगता. गणूदादा म्हणाले, "एकेचाळीस घरा, एकेचाळीस काड्या. काडी खोटा बोलत नाय, साहेब. कागद बोलतो का ते तुमाला ठावा." कोर्टात हसू पिकलं. जज्जही थोडे हसले, मग त्यांनी लिहिलं. मी बघत होते. पेन चालत होतं. मागच्या वेळी चाललं नव्हतं.

मग मी. काशीरामच्या वकिलांनी विचारलं की प्रतिवादीलाही शेत आहे, तो कोर्टात आला ना? मी म्हटलं की त्यांच्या घरून त्यांची बायको बांधावर होती. मग तुमच्या घरून दुसरं कुणी का नाही गेलं, असं विचारलं.

"माज्या घरात मीच हाय," मी म्हटलं.

ते खाली बसले. मला वाटलं संपलं. तेव्हा जज्जांनी स्वतः एक जुना कागद काढला. म्हणाले, कोर्टाच्या रोजनाम्यात नोंद आहे की १० सप्टेंबर ही तारीख वादीनेच मागून घेतली. कोर्टाने सतरा तारीख देऊ केली होती. मग मला म्हणाले, "तुम्ही खारजमिनीतल्या. पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी उधाण असतं, हे तुम्हाला माहीत नव्हतं?"

आठल्ये वकिलांनी वळून माझ्याकडे पाहिलं. त्यांना हे माहीत नव्हतं. ती तारीख मागितली तेव्हा त्यांच्याऐवजी त्यांचा कारकून आला होता.

माहीत नव्हतं कसं म्हणू? आमच्याकडे पोराला तिथी आधी कळते, वार मागून. मी लग्न होऊन आले त्या वर्षी सासूने अंधारात भरतीचा आवाज ऐकून तिथी ओळखायला शिकवली होती. आणि मी पौर्णिमेच्या उद्याचा दिवस मागून घेतला होता.

मी खरं ते सांगितलं. म्हटलं, "प्रतिपदेला आमचे हे गेले. पितरांत त्यांचा दिवस त्याच दिसी येतो. मना वाटला, त्या दिसी ते संगती येतील. पान्याचा माज्या ध्यानातच आला नाय."

जज्जांनी पेन खाली ठेवलं. मग पुन्हा उचललं आणि बराच वेळ लिहीत होते.

बाहेर आल्यावर आठल्ये वकील म्हणाले, हे मला आधी का नाही सांगितलंत. मी म्हटलं, लाज वाटली. खारवटातली बाई आणि उधाण विसरली, हे कुणाला सांगायचं?


१८ एप्रिल

काल नीट झोप लागली नाही. माझ्या डोक्यात हेच की मागच्या नोव्हेंबरातही जज्जांच्या मनात हीच तारीख असणार. तो रोजनामा तेव्हाही त्यांच्यापुढे होता. बाईने स्वतः तारीख मागितली आणि स्वतःच आली नाही, मग कसलं कारण, असं त्यांना वाटलं असणार. वाटायला हरकत नाही. वाईट काही नाही त्यात.

पण मग लिहायचं होतं. हे एक वाक्य लिहिलं असतं तर मी त्याला तेव्हाच उत्तर दिलं असतं, लाजून का होईना. पाच महिने मी भलत्याच गोष्टी सिद्ध करत फिरले. गणूदादांना वरच्या कोर्टाच्या कागदांसाठी सत्तरीपुढच्या वयात दोनदा पनवेलला चालवलं. गावात खोटी ठरले. आणि खरा काटा तिसरीकडेच होता, त्यांच्या मनात, आणि माझ्या. दोघांनीही तो दाबून ठेवला होता. पण ते जज्ज आहेत, मी नाही. माझ्या गप्प राहण्याने दुसऱ्या कुणाचं शेत जात नाही.

आता नामंजूर केलं तरी चालेल, असं लिहिणार होते. पण ते खरं नाही. शेत जाईल.


२९ एप्रिल, मंगळवार

कारकून तोच. मला बघून त्याने कागद मोजून दाखवले.

"घ्या बाई. या वेळी पानं आहेत."

पाच आहेत. त्यानेच वर विचारलं की सरबत घेणार का. नको म्हटलं.

दावा पुन्हा उभा राहिला. वकिलांनी ते आधी सांगून टाकलं, मग मला धीर देऊन बसवलं आणि पहिल्यापासून मराठीत सांगितलं. खांड पडली हे पटतं. का, तर एकेचाळीस काड्या, आणि प्रतिवादीची स्वतःची बायको तिथे होती हे तो नाकारत नाही. बांधावर जाणं ऐच्छिक होतं, हे पटत नाही. का, तर न जाणाऱ्याच्या लावणीला गाव येत नाही आणि एकट्या बाईचं शेत गावाशिवाय लागत नाही. मग तारखेचं. ते वाक्य असं आहे:

'अर्जदाराने तारीख मागून घेताना भरतीचा विचार करावयास हवा होता. ही तिची चूक आहे. परंतु उधाण येणार हे जाणता येण्यासारखे होते, बांध फुटणार हे जाणता येण्यासारखे नव्हते. तारीख निवडण्यातील चूक म्हणजे तारखेला गैरहजर राहण्यातील हयगय नव्हे.'

'चूक' हा शब्द ऐकला तेव्हा आधी डोकं तापलं. लेखी, शिक्क्यानिशी माझी चूक. काशीरामने बांध फोडला, त्याच्या चुकीचं अजून काही नाही आणि माझी मात्र आली. मग वाटेत, ओढ्यापाशी, त्या वाक्यावर पुन्हा गेले. त्यात खोटं काही नाही. आपल्याविरुद्धचं असूनही खरं असलेलं वाक्य कुणी माझ्यासाठी इतकं जपून लिहिलेलं मी कधी वाचलं नव्हतं. हातात धरता येतं ते.

वकील म्हणाले, आता कोर्टाच्या उन्हाळी सुट्टीआधीच चर बंद ठेवण्याचा अर्ज देतो. पावसाला महिना आहे. खटला बाकीच आहे, गुणाबाई, आत्ता फक्त दार उघडलंय. मी म्हटलं, ठाऊक आहे.

संध्याकाळी चंद्रावती आली. हुकूम वाचून दाखव म्हणाली. मी माझ्या वहीतला उतारा वाचला. ती खाली मान घालून ऐकत होती. संपल्यावर एकच विचारलं, "पयली हाक कोनी मारली, ता हाय का त्याच्यात?"

मी म्हटलं, नाही. ते कुणाला माहीतच नाही.

"बरा झाला," ती म्हणाली. तिला त्याचं काय एवढं, कोण जाणे. जाताना माझ्या वहीला हात लावून बघितला. तिला वाचता येत नाही.

ती गेल्यावर ट्रंक उघडली. वरच्या कोर्टाचा हुकूम, हा हुकूम आणि जुना तीन वाक्यांचा, तिन्ही एकत्र ठेवायला. तळाशी हॉस्पिटलचा कागद होता. हृदय बंद पडून. तो वर काढला.


२ मे

२९ तारखेला हुकूम मिळाला. दुसऱ्या दिवशी मी पहाटेच्या एस.टी.ने निघाले, ठाण्याला गाडी बदलली आणि मुंबईच्या त्या हॉस्पिटलात गेले. खिडकीतल्या माणसाला ह्यांचं नाव, साल आणि खाटेचा नंबर सांगितला, आणि घरून लिहून आणलेला अर्ज त्याच्या हातात दिला: अकरा दिवसांत काय झालं आणि का झालं, ते लिहून द्यावं.